बोरझिरी स्टेशनाची ओटी

अहो भाऊ, तो टेप आवरा आधी! झोक्याच्या कडीला कशाला अडकवता? आणि ताई, चपला बाहेर काढा. हे स्टेशन आहे ते मलाही दिसतंय, डोळे फुटलेले नाहीत माझे. पण या मुसाफिरखान्यात आम्ही चपला घालून येत नाही.

पाडून गोदाम बांधायचंय ना इथे? सगळ्या बोरझिरीला कळलंय. गाडी बंद झाली, रूळ उचलून नेले, मग या दगडी भिंती कशाला ठेवायच्या, असं तुमच्या ऑफिसात म्हणत असतील. मोजा, खुशाल मोजा. पण आधी ऐकून घ्या. दर वेळी नवा माणूस येतो आणि दर वेळी मलाच घसा फोडावा लागतो. वैताग आलाय नुसता.

स्टेशनाच्या छताला झोक्याची कडी पाहिलीय कुठे? आणि तिकिटाच्या खिडकीला हळदकुंकू?

फार मागची गोष्ट. लाइन नवी होती तेव्हाची. आमच्या गावात द्वारकी नावाची एक सून होती, म्हणे. दिवस भरलेले. आधीची दोन लेकरं बाळंतपणातच गेलेली, म्हणून या खेपेला सासू ठकूबाई तिला गाडीने शहरातल्या इस्पितळात न्यायला निघाली. द्वारकीचं माहेर प्लेगात अख्खं संपलेलं. सातव्या महिन्यात तिची ओटी भरायलाही कुणी आलं नव्हतं.

गाडी आली आणि इथेच, या बाकावर, तिला कळा सुरू झाल्या. उचलून डब्यात चढवायची सोय राहिली नाही. ठकूबाईने इथल्या स्टेशनमास्तरांचे, रेगे मास्तरांचे पाय धरले. पोरीला मागेपुढे कुणी नाही, गाडी थांबवा, डब्यात कुणी जाणती बाई असेल तर बघते, म्हणाली. मास्तर सज्जन, पण नियमापुढे मान तुकवणारे. ‘बाई, वेळ झाली, गाडी सोडावीच लागेल,’ असं म्हणत हिरवं निशाण उलगडत ते बाहेर निघाले.

ठकूबाईने त्या दिवसापर्यंत जन्मात गाडी पाहिलेली नव्हती. निशाण काय असतं, तिला काय ठाऊक! तिला दिसला हिरवा खण. पोरीला माहेर नाही हे ऐकून मास्तर ओटी भरताहेत, असंच वाटलं तिला. तिने डोळे पुसले, द्वारकीचा पदर ओढला आणि मास्तरांपुढे पसरला. ‘भरा हो, हिला बाप नाही,’ म्हणाली.

मास्तर थांबले. निशाण हातातून घसरलं, असं काहीजण सांगतात. घसरायला ते काय तेलात बुडवलं होतं? ठेवलं त्यांनी. चांगलं समजून उमजून ठेवलं.

आता ओटीत पडलेलं परत कोण मागतो? मास्तरांकडे दुसरं निशाण नव्हतं, आणि त्यांनी ते दाखवल्याशिवाय गाडी हलेना. गार्ड ओरडतोय, ड्रायव्हर शिट्ट्यांवर शिट्ट्या मारतोय. गाडी कशाला खोळंबली हे बघायला डब्यातून हमीदाबी सुईण उतरली, द्वारकीचं ओरडणं ऐकलं आणि पदर खोचून आत आली. बाळ आडवं होतं असं सांगतात. हमीदाबीने सोडवलं. मुलगी झाली आणि जगली! त्या निशाणातच गुंडाळलं तिला.

वरच्या साहेबाने मास्तरांना विचारलं, निशाण कुठे? ‘लेकीच्या ओटीत,’ म्हणाले. नोकरी गेली. जाताना गावाला एवढंच सांगून गेले, ‘पोरीचं माहेर आता हे. आखाजीला येईल, दार लावू नका.’

आखाजी म्हणजे आमच्या खानदेशातल्या सासुरवाशिणींचा माहेरी जायचा सण. द्वारकी इथे येत राहिली, आणि तिच्यामागून जिला जिला कुणी नाही ती येऊ लागली. येताना प्रत्येकीने सासरहून एक कौल आणायचं, ही रीत. वर बघा, दोन कौलं एका रंगाची आहेत का? तुमच्या ऑफिसाने ढुंकून पाहिलं नाही, आणि तरी इथे पाऊस गळत नाही तो त्यामुळे.

आईबाप गेले की माहेरची दारं कशी लागतात, तुम्हाला काय कळणार! माझ्या भावांनी घर विकलं, मला कळवलंसुद्धा नाही. त्या आखाजीला मी कौल घेऊन इथे आले. झोका बांधलेला होता, सांजोऱ्या होत्या, कुणा अनोळखी बाईने माझ्या ओटीत हिरवा खण घातला. भोकाड पसरून रडले मी. हे पाडलंत तर सणाला मी जाऊ कुठे? गोदामात?

गेल्या आखाजीला तुमचे मोठे साहेब आले होते. दाराला नवं कुलूप ठोकलं आणि किल्ली बोटावर फिरवत उभे राहिले. आम्ही साऱ्या कौलं घेऊन बाहेर. मी पुढे झाले आणि त्यांच्यापुढे पदर पसरला. साहेब इकडचेच, खानदेशी आईच्या पोटचे. पसरलेला पदर रिकामा कसा ठेवतील? टाकली किल्ली पदरात. आता सांगत असतील, हातातून घसरली म्हणून!

आजही आखाजीला हे दार उघडं असतं आणि कडीला झोका असतो. आता खरं बोला, मोजमाप हे नुसतं निमित्त. किल्ली न्यायला पाठवलंय ना तुम्हाला? ही बघा, माझ्या कमरेलाच आहे. साहेबांना सांगा, लेकीच्या ओटीत घातलेलं परत मागायचं असेल तर स्वतः या. आणि हात हलवत येऊ नका म्हणावं, एक कौल घेऊन या.