चारची टाळी

"टाळी न वाजवताच नाचली, बाबा! आता याला सुख नाही म्हणायचं, तर काय म्हणायचं?"

दिगंबर कोळेकरानं विचारलं खरं, पण आवाजात प्रश्न नव्हता. पेढे वाटायला आलेल्या माणसाचा असतो, तसा तो आवाज होता.

दस्तगीरबाबा पोत्यावर पाणी शिंपडत होते.

पिराच्या टेकडीवर दर्ग्यापुढं काळ्या फरशीचं अंगण आहे. चैत्र लागला की दुपारी त्या फरशीवर पाय ठेवायची सोय नाही. चपला तर पायरीखाली काढाव्याच लागतात. म्हणून बाबा पायरीपासून सावलीपर्यंत ओली पोती अंथरायचे. हौदावरून पाणी आणायचं, पोती भिजवायची, वाळली की पुन्हा भिजवायची. अकरा वर्षं उन्हाळ्यातली दुपार त्यांची अशीच जायची. हे काम त्यांना कुणी सांगितलेलं नव्हतं.

टेकडीच्या पायथ्याला, भिंतीपलीकडं गावची प्राण्यांची बाग. दिगंबर त्या बागेचा प्रमुख. दर गुरुवारी तो टेकडी चढायचा, बाबांपुढं बसायचा आणि आठवड्याचं सगळं सांगून मोकळा व्हायचा. बाबांचा खरा चेला आपणच, असं तो मनाशी धरून होता. बाबांनी तसं कधी म्हटलं नव्हतं. नाही, असंही म्हटलं नव्हतं.

"मैना हो, बाबा. आमचं अस्वल. तिचा नवा चबुतरा कालच पुरा झाला. मधोमध, उंच. मागच्या लोकांनाही दिसली पाहिजे ना! काल दुपारी जरा बघावं म्हणून तिला वर सोडली, तर काय सांगू... टाळी नाही, शिट्टी नाही, आपली आपण नाचायला लागली. दोन वर्षांत अशी कधी नाचली नव्हती."

बाबांचा हात थांबला.

"चबुतरा कशाचा रे?"

"सिमेंटचा. वरनं काळी फरशी. अशीच, तुमच्या अंगणासारखी. पण आमची जास्त चकचकीत."

"आणि दुपारी म्हणजे?"

"तीनचा सुमार."

बाबांनी तांब्या खाली ठेवला. ठेवताना तो कलंडला, आणि उरलेलं पाणी फरशीवर सांडलं. बघता बघता वाळलं.

दिगंबरचं तिकडं लक्ष नव्हतं. पायाखाली ओलं पोतं होतं, डोक्यावर टोपी होती आणि सांगण्यासारखं पुष्कळ होतं.

दोन वर्षांपूर्वी शाळेची सहल आली होती. पोरांनी सहज टाळ्या वाजवल्या आणि मैना मागच्या दोन पायांवर उभी राहिली. एकदा हा पाय उचल, एकदा तो. पोरं खिदळली. दिगंबरनं ते हेरलं आणि फाटकावर पाटी लावली, 'रोज चार वाजता अस्वलाचा नाच'. तेव्हापासून चार वाजले की बागेत माणूस मावेना.

"एके काळी असल्या जनावरांच्या नाकात वेसण घालून गल्लोगल्ली फिरवायचे, बाबा. काळजाच्या जागी दगड असणार त्या लोकांच्या!"

"हां," बाबा म्हणाले. "दगडच."

"आमच्याकडं बघा. वेसण नाही, काठी नाही. मी तिच्यावर आजवर आवाजसुद्धा चढवला नाही. आता नव्या चबुतऱ्यावर पहिला खेळ आहे, आज चारला. म्हटलं, तुमचा हात लागलेली चार फुलं न्यावीत."

बाबा उठले. गुडघ्यावर हात टेकून, सावकाश.

"देतो. पण तू उभा आहेस ते पोतं वाळलं बघ. जरा पाय बाजूला घे. भिजवून आणतो."

दिगंबरनं पाय बाजूला घेतले. बाबांनी पोतं उचललं, मागचं उचललं, पुढचंही उचललं. तिन्ही पोती खांद्यावर टाकून ते हौदाकडं चालू लागले.

"बाबा... अहो बाबा, भाजतंय."

"थांब तिथंच."

आता गुरूनं थांब म्हटल्यावर चेल्यानं पळायचं कसं? दिगंबर थांबला. डावा पाय उचलला. तो टेकवला आणि उजवा उचलला. मग पुन्हा डावा. टाचेवर उभा राहिला, चवड्यावर उभा राहिला. हात आपोआप वर गेले.

हौदापाशी पोचलेले बाबा वळले.

आणि टाळ्या वाजवू लागले.

सावकाश. एक... एक... एक...

"वा! काय नाचतोस रे, दिगंबर!"

"बाबा!"

"टाळी न वाजवताच सुरू केलंस. सुखात आहेस ना?"

तळपायाची आग मस्तकाला जाते म्हणतात, ती अशी. दिगंबर दोन उड्यांत सावलीत गेला आणि भिंतीला टेकून पाय चोळत बसला. तोंड लालबुंद झालं होतं.

"ही कसली थट्टा, बाबा? माझ्या वयाच्या माणसाची? दहा वर्षं येतोय मी तुमच्याकडं..."

बोलता बोलता तो अडखळला.

पायाकडं पाहिलं. अंगणाकडं पाहिलं. काळी फरशी उन्हात चमकत होती.

"काल..." तो म्हणाला.

त्याचे डोळे टेकडीखालच्या बागेकडं वळले.

बाबा पोती भिजवून आले. ती त्यांनी होती तिथं पुन्हा अंथरली, कडा सरळ केल्या. मग येऊन त्याच्याशेजारी बसले.

"तिचा डावा कान फाटका आहे ना?"

"हो."

"आणि झोपली की पुढचा पंजा तोंडात धरते. तान्ह्या पोरासारखा."

दिगंबरनं मान वर केली. "तुम्ही बागेत कधी आलात?"

"कधीच नाही."

"मग..."

"मैना तुम्ही म्हणता. माझ्याकडं होती तेव्हा ती जुबेदा होती."

वाऱ्यानं दर्ग्यावरचं हिरवं फडकं हललं. दिगंबरला वाटलं, आपण भलतंच काही ऐकलं.

"मी दरवेशी, बेटा. अस्वलवाला. माझा बाप तेच करायचा, मी तेच केलं. जंगल खात्याच्या लोकांनी तिला सोडवून नेलं, तुमच्या बागेत ठेवलं. मी मागोमाग आलो. फाटकापर्यंत गेलो आणि पाय उचलेना. मग इथं वर येऊन बसलो. ती अकरा वर्षं झाली."

"तुम्ही?" दिगंबर म्हणाला. "तुम्ही, बाबा?"

बाबांनी आपले दोन्ही तळहात उघडे करून मांडीवर ठेवले. दुसऱ्या कुणाचे असावेत तसे ते त्यांच्याकडं बघत राहिले.

"पिल्लू होती. मांजराएवढी. गोवऱ्यांची आगटी करायची, वर पत्रा टाकायचा. वेसणीची दोरी वर खांबाला बांधायची, म्हणजे पुढचे पाय टेकत नाहीत. पत्रा तापला की ती पाय उचलणार. हा उचल, तो उचल. आणि ती पाय उचलायला लागली की मी टाळी वाजवायचो. तोंडानं म्हणायचो, नाच माझी बाई, नाच. मीसुद्धा कधी आवाज चढवला नाही, बेटा."

"बस करा, बाबा."

"महिनाभरानं आगटी लागली नाही. पत्राही लागला नाही. टाळी पुरे झाली."

दिगंबरच्या डोळ्यांपुढं चार वाजता कठड्याला लागलेली माणसं आली. कडेवरची बाळं आली. आया त्यांचे इवले हात हातात धरून शिकवायच्या, 'टाळी वाजव, टाळी वाजव, अस्वल कसं नाचतंय बघ.' रोज. दोन वर्षं. आणि सगळ्यांच्या पुढं उभं राहून पहिली टाळी कोण वाजवायचं?

तोच वाजवायचा.

त्यानं आपले दोन्ही हात बगलेत दाबून धरले.

"इथं ऐकू येत होत्या टाळ्या?"

"रोज."

"मग बोलला का नाहीत? दोन वर्षं! इतक्या गुरुवारी मी तुमच्यापुढं बसलो, बडबडलो..."

बाबांनी उघडे तळहात मिटले.

"आधी वाटायचं, विचारशील तेव्हा सांगेन. तू कधी विचारलं नाहीस, तू सांगायचास. पण ते खरं नव्हे. खरं म्हणजे मला लाज वाटली. लोक बाबा म्हणत होते. लाजेनं माणूस मुका होतो, आणि जनावर तर आधीच मुकं..."

खालून कर्ण्याचा आवाज आला. बागेतला गडी तपासून बघत होता, "हॅलो, हॅलो, चार वाजता..."

दिगंबर उठला. फुलं राहिली, चपला राहिल्या. पायऱ्या उतरून तो पळत सुटला.

तो पोचला तेव्हा कठड्याला माणसावर माणूस होता. मैना अजून कठड्यालगतच्या खोलीत होती, खोलीचं बाहेरचं लोखंडी दार बंद होतं. दिगंबरनं गड्याच्या हातातला कर्णा काढून घेतला.

"मंडळी, आज खेळ नाही. उद्याही नाही. आता कधीच नाही."

कुणीतरी शिट्टी घातली.

"ओ साहेब, पाटी वाचून आलोय आम्ही!"

"पोरं उन्हात ताटकळलीत, आणि आता सांगता होय?"

"अस्वल रुसलंय वाटतं!"

हशा पिकला. आणि मग, चिडलेली गर्दी करते तसंच तिनं केलं. टाळ्या. सगळ्यांनी मिळून, ठेक्यात. एक... एक... एक...

दिगंबरच्या मागं लोखंडी दाराआड आवाज सुरू झाला.

धप. धप. धप. आणि सिमेंटवर नख्या घासल्याचा खरखराट.

त्यानं दाराच्या फटीला डोळा लावला. आत अंधार होता. खाली गोवऱ्या नव्हत्या, आगटी नव्हती, पत्रा नव्हता. गार जमीन होती. बघायला कुणी नव्हतं. त्या अंधारात मैना भिंतीकडं तोंड करून दोन पायांवर उभी होती आणि पाय उचलत होती. हा उचल, तो उचल. पुढचे दोन्ही पंजे तिनं डोक्यावर धरले होते, जिथं एके काळी दोरी होती.

दिगंबरच्या तोंडातून जो आवाज निघाला तो त्याचा त्यालाच ओळखू आला नाही.

त्यानं कर्णा टाकला. कठड्याच्या दारातून आत गेला, खंदकावरची फळी ओलांडली आणि अनवाणी पायांनी नव्या चबुतऱ्यावर चढला.

काळी फरशी दिवसभर तापलेली होती.

"अरे, आज साहेबच नाचणार!" कुणीतरी ओरडलं, आणि टाळ्या दुप्पट झाल्या.

दिगंबरनं डावा पाय उचलला. मग उजवा. त्यानं हात जोडले, पण ते जुळून राहीनात. उडी मारून खाली येणं सोपं होतं. तो आला नाही. तोंड वेडंवाकडं झालं, डोळ्यांतून पाणी वाहू लागलं, आणि तो हा पाय उचल, तो पाय उचल करत राहिला. लोक हसत होते.

पुढच्या रांगेतल्या एका बाईचं हसू आधी थांबलं. तिनं त्याच्या पायांकडं पाहिलं. मग त्या फरशीकडं. तिनं कडेवरच्या बाळाचे टाळी वाजवणारे हात आपल्या मुठीत घट्ट धरले.

"अगं आई गं..." ती म्हणाली.

तिच्या शेजारचा थांबला. मग त्याच्या शेजारचा. टाळ्या विरळ होत गेल्या. मागं कुठंतरी एकट्याची टाळी राहिली होती, तीही ओशाळून थांबली.

आता बागेत एकच आवाज होता. दाराआडचा. धप... धप...

सगळ्यांना ऐकू येत होता. कुणी कुणाकडं बघेना.

धप...

मग तोही थांबला.

लोक एकेक करून निघून गेले. पोरांनीही हट्ट केला नाही.

दस्तगीरबाबा आले ते तासाभरानं. एवढ्या पायऱ्या उतरायच्या, तेही त्या गुडघ्यांनी. खांद्यावर एक ओलं पोतं होतं. अकरा वर्षांत पहिल्यांदा ते फाटकाच्या आत आले. दिगंबर लोखंडी दारापाशी जमिनीवर बसला होता. तळपायांवर टपोरे फोड आले होते.

बाबा त्याच्याशेजारी टेकले. दाराच्या खालच्या फटीतून त्यांनी पोत्याचं टोक आत सारलं. आतून हुंगल्याचा आवाज आला. एकदा. मग लांब श्वास घेऊन, पुन्हा एकदा. मग काही नाही... आणि मग एक जड पंजा पोत्यावर येऊन टेकला. लगेच उचलला गेला. पुन्हा टेकला. पुन्हा उचलला.

बाबांची दाढी हलत होती.

"बाबा," दिगंबर हलक्या आवाजात म्हणाला. या वेळी त्याच्या आवाजात प्रश्न होता. "आता भाजणार नाही, हे तिला कधी कळेल?"

पंजा टेकला. उचलला गेला. टेकला.

बाबांनी पोत्यावरून हात फिरवला.

"वाळत आलं बघ. जा, पाणी आण."