मागाईच्या पहिल्या कापडाची कहाणी

ऐक गं मागाई, ऐक तुझी कहाणी. आटपाट नगर, नगराला नदी, नदीच्या काठी साळ्यांची पेठ. पेठेत बारा घरं, बारा घरांत बारा माग. बाराही घरांचा कारभार एक, देवी एक, ती मागाई. त्यांचा मुखिया रखमोजी शेट्या.

त्यांच्या कापडाचं काय सांगावं! कुंची बांधली की रडतं मूल हसायचं. पासोडी पांघरली की ताप उतरायचा. पागोटं बांधलं की रानात वाट चुकलेला नीट घरी यायचा. हे कशानं? तर मागाईचा वसा पाळल्यानं. श्रावणातल्या शुक्रवारी माग पुसावा, हळदकुंकू वाहावं, त्या दिवशीचं पहिलं कापड दारी जो पहिला येईल त्याला द्यावं. नाव पुसू नये, गाव पुसू नये.

एके वर्षी काय झालं? ही कीर्ती राणीच्या कानी गेली. राणीनं हुकूम सोडला, "पेठेतलं सूत न् सूत माझं. चिंधीसुद्धा बाहेर जायची नाही." शेट्या भ्याला. भ्याला तो भ्याला, वर फुगलाही. आता आम्ही राणीचे साळी!

पहिला शुक्रवार आला. दारी एक म्हातारी आली, काकडत होती. "बाबा, पांघरूण दे." शेट्या म्हणाला, "राणीचं आहे, पुढं हो." दुसरा शुक्रवार आला. एक ओली बाळंतीण आली. "दादा, बाळाला कुंची द्या." "राणीची आहे, पुढं हो." तिसरा शुक्रवार आला. भोई आला, नखशिखांत भिजलेला. "डोईला काही द्या." "पुढं हो, पुढं हो!" शेट्याची धाकटी सून पुतळा दाराआड उभी होती. तिला रडू फुटलं. पण सासऱ्यापुढं बोलायचं कसं?

मग काय झालं? कापड रुसलं. राजपुत्राला कुंची बांधली, तो रडायचा थांबेना. राजाला पासोडी घातली, ताप चढला. प्रधानानं पागोटं बांधलं, त्याला स्वतःच्या घराचं दार सापडेना! त्यातच नदीला पूर आला. पाणी चढलं, वेशीला लागलं. राणी पालखीतून पेठेत आली. म्हणाली, "पाणी अडवील असं कापड विणा. नाहीतर बाराही माग चुलीत घालीन."

बारा माग धडधडू लागले. विणावं, सूत तुटावं. जोडावं, पुन्हा तुटावं. तिसऱ्यांदा जोडलं, तिसऱ्यांदा तुटलं. मग पुतळेनं पदर खोचला, पुढं आली.

"मामंजी, राग मानू नका. तीन माणसं आपल्या दारातून रिकामी गेली. त्यांचं आधी विणू."

"वेडी का काय तू? पाणी वेशीत शिरलंय!"

"म्हणूनच म्हणते. सूत उगाच तुटत नाही, मागाई आपला हात अडवतेय."

शेट्याला हुंदका आला. म्हणाला, "चुकलं माझं, पोरी. बैस मागावर."

पुतळा बसली. धोटा इकडून तिकडं, तिकडून इकडं. पाणी पायरीला लागलं, पासोडी झाली. पाणी ओट्यावर आलं, कुंची झाली. पाणी उंबऱ्याला टेकलं, पागोटं झालं. तिन्ही डोईवर घेतली, गुडघाभर पाण्यातून निघाली. देवळाच्या उंच ओट्यावर सारं गाव जमलं होतं. तिथं भोई भेटला, बाळंतीण भेटली, म्हातारी भेटली. पुतळेनं ज्याचं त्याला दिलं, पाया पडली. "आजी, चुकलो आम्ही." म्हातारी हसली. "घेतलं गं बाई. आता पळ, माग खोळंबलेत."

पुतळा धावत आली. आणि काय सांगू! बाराही मागांवर सूत तुटेना. धोटे पाखरांसारखे उडू लागले. हां हां म्हणता शेला झाला. बारा घरच्या बाया तो घेऊन वेशीकडं धावल्या, ह्या टोकापासून त्या टोकापर्यंत ताणला. कापड भिंतीसारखं उभं राहिलं! पण हाय, वीतभर उणं पडलं. त्या फटीतून पाणी घुसलं. पेठेतलं सूत तर संपलेलं!

राणी बघत होती. पालखीतून उतरली, चिखलात उभी राहिली. अंगावरच्या शालूचा भरजरी पदर टरकन् फाडला. "बायांनो, हा जोडा." पुतळेनं गाठ मारली, टोक राणीनं स्वतः धरलं. पाणी एकदा आदळलं, बाया हलल्या नाहीत. दुसऱ्यांदा आदळलं, राणी हलली नाही. तिसऱ्यांदा आदळलं आणि माघारी फिरलं! नगर वाचलं. राजाचा ताप उतरला, राजपुत्र हसला, प्रधान घरी पोचला.

राणीनं हुकूम मागं घेतला. पुढच्या शुक्रवारी पेठेत आली. "पुतळे, मला शिकव." दिवसभर खपली, हातभर फडकं विणलं, तेही वाकडंतिकडं. दारी पहिला आला तो तिच्याच पालखीचा भोई. राणीनं नाव पुसलं नाही, दोन्ही हातांनी त्याला दिलं. त्यानं घाम पुसला आणि म्हणाला, "बाईसाहेब, खांद्याचं दुखणं गेलं की हो!" राणी लहान मुलीसारखी टाळ्या पिटू लागली.

जशी मागाई त्यांना पावली, तशी तुम्हांआम्हां, सांगणारीला नि ऐकणारींना पावो. कुणाचं अंग उघडं न राहो, कुणाचं दार मिटलेलं न राहो. साठ धाग्यांची कहाणी पाच धाग्यांत विणली, मागावरून उतरली, सुफळ झाली, संपूर्ण झाली.