चूलदेवाच्या ओठांवरची साखर

एका राज्यात, पिवळ्या पाण्याच्या नदीकाठी, माणसं होती तेवढीच, देव मात्र मावत नव्हते. दारावर द्वारदेव, चुलीवर चूलदेव, देवळीत वाडवडिलांच्या नावांच्या पाट्या. पोर जन्मलं की निळ्या कफनीचे जोगीबुवा ताईत बांधत. पोर शाळेत निघालं की गुरुजी त्याला थोर ऋषींपुढे वाकायला शिकवत. म्हातारं गेलं की पिवळ्या चीवरातले भंतेजी सूत्रं म्हणत. एकाच घरातून तिघांनाही शिधा जाई आणि तिघंही तो मुकाट्याने खात. खाताना कसला आलाय वाद.

पण त्या राज्याचा राजा हुआनदे मोठा टापटिपीचा. ताटातल्या शेंगा एका बाजूला, भात दुसऱ्या बाजूला, एक दाणा इकडचा तिकडे झाला तर आचाऱ्याची शंभरी भरली. एकदा बाजारात त्याने कागदी कंदील करणाऱ्या यान म्हाताऱ्याला विचारलं, "तू कोणाचा?"

"सकाळी गुरुजींचा, पोट दुखलं की जोगीबुवांचा, मरताना भंतेजींचा," म्हातारा म्हणाला. "आपण कोणाचे, महाराज?"

बाजार हसला. राजा हसला नाही. त्याने मो नावाच्या जादूगाराला बोलावलं, आणि मोने मंतरलेले पेले केले. पिवळा पेला प्यायला तो भंतेजींचा, निळा प्यायला तो जोग्याचा, काळा प्यायला तो गुरुजींचा. एक प्यायला की बाकी दोन देवळांची दारं त्या माणसापुरती भिंत होऊन जात. आणि जो कोणताच पिणार नाही, त्याची शवपेटी मेल्यावर जमिनीवरून उठणार नाही, असा शाप.

सगळं गाव प्यायलं. उगाच नावं ठेवू नका, आपणही घटाघटा प्यायलो असतो.

यान म्हातारा प्यायला नाही. त्याची लेक शूयुनही प्यायली नाही. पुढे हिवाळ्यात म्हातारा मेला, आणि पेटी उठेना. खांदेकरी बदलले, दोर बदलले, बैल जोडले. बैल बसले. पेटी जागची हलेना. नववर्ष तोंडावर आलेलं. नववर्षाची पहाट उगवली आणि मेलेला घरातच असला तर त्याला वाडवडिलांत जागा नाही. मग तो कायमचा भटकत राहणार, कोणाच्या दारी भात नाही, कोणाच्या तोंडी नाव नाही.

शूयुन तेव्हापासून धगधगत होती. राजावर तर होतीच, शेजाऱ्यांवरही होती. शेजारीण सांत्वनाला आली आणि म्हणाली, "बाई, प्यायला असता एक पेला तर काय बिघडलं असतं?" शूयुनने तिला चहा दिला नाही, चपला मात्र हातात दिल्या. मग ती चुलीपाशी उभी राहून छताला म्हणाली, "वर कोणी आहे की नाही? की सगळे जेवून झोपलेत?"

पिंजऱ्यातून बापाची साळुंकी बोलली. ती बोलायचीच, त्यात नवल नाही. "आहेत ना. पण त्यांना कोण सांगतंय?"

"चूलदेव सांगतो. दर वर्षी वर जाऊन घरोघरची हकीकत सांगतो."

"आणि निघताना तुम्ही त्याच्या तोंडाला काय फासता?"

शूयुनने चुलीवरच्या चित्राकडे पाहिलं. चूलदेव म्हणजे चुलीवर चिकटवलेलं कागदी चित्र. वर्षअखेरी ते जाळायचं, धुराबरोबर देव आकाशातल्या सम्राटाकडे जातो. पण जाळण्याआधी ओठांना चिकट साखरपाक लावायचा, म्हणजे तो गोड बोलेल, नाहीतर ओठ चिकटून गप्प बसेल. आजीने केलं, आईने केलं, तिनेही केलं. शाप पडला त्या वर्षीही अख्ख्या राज्याने हात सैल सोडून पाक फासला होता. वर काय कळलं असणार? सगळं क्षेम आहे.

"इतक्या वर्षांचा पाक," साळुंकी म्हणाली, "पाण्याने निघायचा नाही. देव नवा कागद घेतो, तोंड जुनंच. मठातल्या कढत चहाने तो भिजेल, जोग्याच्या भट्टीतल्या राखेने सुटेल, गुरुजींच्या बाहीने पुसला जाईल. तिन्ही दारं दिसणारी गावात तूच उरलीस. जा. आज संध्याकाळी सगळे देव निघतात."

शूयुन आधी मठात गेली. भंतेजी म्हणाले, "तू आमच्यातली नाहीस, पोरी."

"माझा बाप दर पौर्णिमेला तुमची खीर ढवळायचा. तेव्हा कोणातला होता?"

भंतेजींनी डोळे मिटले. ध्यान लागलं असावं, किंवा लाज वाटली असावी. तिने चहाची किटली उचलली, तरी डोळे उघडले नाहीत.

जोगीबुवा डोंगरात अमर होण्याचं औषध शिजवत होते आणि सर्दीने हैराण होते. "राख? ती बारा जडीबुटींची राख आहे," ते शिंकत म्हणाले. "राजाला कळलं तर माझी भट्टी विझेल."

"अमर होणाऱ्याला इतकं भ्यायला होतं?"

बुवांनी ओंजळभर राख दिली. मग, तिच्याकडे न बघता, आणखी एक ओंजळ दिली.

गुरुजींनी मात्र दार उघडल्याबरोबर तिला आधी नीट वाकायला लावलं. ती रागाने वाकली. त्यांनी पुन्हा वाकायला लावलं. "पाठ सरळ. शोक असला तरी पाठ सरळ." तिसऱ्यांदा ती वाकली तेव्हा तिचं कपाळ जमिनीवरून उठलंच नाही. "तुझ्या बापाने माझ्या शाळेचे कंदील केले," ते म्हणाले, "आणि मी त्याच्या पेटीपाशी आलो नाही." शोकात बाही फाडायची असते. त्यांनी टरकन फाडून दिली.

दिवस कलला होता. शूयुनने चूलदेवाच्या ओठांना चहा लावला, राख चोळली, बाहीने पुसलं. चित्राने जबडा हलवला, कडकड आवाज झाला.

"हुश्श," चूलदेव म्हणाला. "दाढा दुखायला लागल्या होत्या. काय सांगू वर?"

"खरं सांगा. राजाचं, मोचं, गावाचं."

"खरं सांगायचं तर निवडून सांगता येत नाही. तुझं काय?"

"माझं काय?"

"शेवटच्या दिवसांत तू त्याच्या उशाशी काळा पेला घेऊन बसली होतीस. प्या एकदाचा, म्हणालीस. त्याने तोंड फिरवलं, तेव्हा तू पेला भिंतीवर फेकलास आणि त्याच्याशी बोलली नाहीस. तो जाईपर्यंत बोलली नाहीस."

शूयुनने चुलीत लाकूड सारलं.

"तेही सांगा," ती म्हणाली, आणि चित्र विस्तवावर धरलं.

त्या संध्याकाळी साऱ्या गावाच्या धुरांड्यांतून गोड, लाडिक धूर निघून छपरांवरच रेंगाळला. शूयुनच्या घरातून कडू काळा धूर सरळ सुटला आणि ढगात शिरला.

आकाशातल्या सम्राटाने तो हुंगला. त्याला ठसका लागला. तो पहिल्यांदाच जागा झाला म्हणतात, पण हे मोठ्यांचं, आपण बोलू नये.

राज्यातले सगळे पेले एकदम तडकले. भिंतींची पुन्हा दारं झाली, आणि दारांतून माणसं एकमेकांवर आदळली. मो जादूगार शिंपल्यात आटला. आजही नदीकाठी कोणी तो शिंपला कानाला लावला तर आतून नियम ऐकू येतात. राजा हुआनदेच्या ताटात भात आणि शेंगा कायमच्या एकत्र झाल्या, किती निवडल्या तरी.

आणि पेटी उठली. चार माणसांनी उचलली, दोघांतही उचलली गेली असती.

रस्त्यात राजा आडवा आला. मुकुट वाकडा, डोळे लाल. "मला वाटलं होतं, राज्य नीटनेटकं होईल," तो म्हणाला.

"बाजूला व्हा," शूयुन म्हणाली. "ओझं जड आहे."

ते जड नव्हतं. राजा बाजूला झाला.

टेकडीवर भंतेजींनी सूत्रं सुरू केली, जोगीबुवांनी घंटा वाजवली, गुरुजींनी वाकण्याचे हुकूम सोडले. तिघंही एकाच वेळी, कोणी कोणासाठी थांबेना, एकाचंही धड ऐकू येईना. शूयुन कंबरेवर हात ठेवून त्यांच्यावर ओरडणार होती. पण तिने मातीची मूठ पेटीवर सोडली आणि खाली वाकून, पेटीशी तोंड नेऊन, बापाशी बोलायला लागली. फार वेळ बोलत राहिली. काय बोलली ते त्या गलक्यात कोणालाच ऐकू आलं नाही.

शाप सुटला, म्हातारा वाडवडिलांत जाऊन बसला, राज्याला राज्याची घडी परत मिळाली. जसं त्यांच्या अंगणातलं ओझं उठलं, तसं ऐकणाऱ्यांच्याही उंबऱ्यातलं उठो.