बामणमाळाचा बहमन

डहाणूहून उगवतीला निघालं आणि चिकूच्या वाड्या मागे पडल्या की ऐन-सागाचं रान लागतं. त्या रानातून वर पाहिलं तर कुरणोलीच्या डोंगराचा माथा उपड्या परातीसारखा सपाट दिसतो. त्याला बामणमाळ म्हणतात. माळावर गवत चांगलं येतं, आणि गवतात ठिकठिकाणी दगडांच्या राशी आहेत. त्या कोणी हलवत नाही. जिथून पायवाट वर चढते तिथे एक जुना ऐन आहे. गुराखी आपल्या काठ्या त्याच्या बुंध्याशी टेकवतात आणि मोकळ्या हातांनी वर जातात. पाहुण्यालाही हातातली काठी तिथेच ठेवावी लागते.

पायथ्याच्या कुरणोली गावात घरं कुणब्यांची आणि वारल्यांची. ब्राह्मणाचं घर आज नाही आणि पूर्वीही नव्हतं. मग माळाला हे नाव कसं पडलं, असं पाहुणे विचारतात. धर्माआबा माळावर येणाऱ्यांना वाट दाखवतात. ते म्हणतात, "बामण नव्हे हो. बहमन. माणसाचं नाव आहे ते, इराणातलं. आमच्या जिभेला वळलं नाही." आणि मग एखाद्या दगडावर टेकून, घाई न करता, ते जे सांगतात ते असं.

फार मागची गोष्ट आहे. फिरंग्यांची गलबतं किनाऱ्याला लागत तेव्हाची, म्हणतात. गावचे पाटील होते हिरोजी. त्यांची धाकटी बहीण चांगुणा नवऱ्यामागे माहेरी येऊन राहिली होती. स्वतःचं असं तिच्याजवळ काही नव्हतं, एक मोरी नावाची काळी गाय तेवढी होती. एका सकाळी ती विहिरीवर गेली तर काठाला एक अनोळखी माणूस बसलेला. दाढी वाढलेली, ओठ फुटलेले, अंगात पांढरं पातळ सदऱ्यासारखं काही, पायांत काही नाही. तिने त्याच्या ओंजळीत पाणी ओतलं. तो पोटभर प्याला. मग तिने खुणेने विचारलं, कोण तू? त्याने छातीवर हात ठेवला आणि म्हणाला, "बहमन."

चांगुणेला ऐकू आलं, बामण.

ती धावत घरी आली आणि भावाला म्हणाली, "दादा, विहिरीवर परमुलखातला बामण उपाशी बसलाय."

गावाला भटजी नव्हता. लग्नाला, वास्तूला खालच्या गावातून बोलवावा लागे आणि तो यायचाच असं नव्हतं. पाटलांना आनंद झाला. त्यांनी पाहुण्याला देवळामागची पडवी राहायला दिली, वर शिधा पाठवला. तो रोज सकाळी उन्हाकडे तोंड करून उभा राही, कमरेचा लोकरीचा गोफ सोडी, काही पुटपुटत पुन्हा बांधी. जानवं कमरेला कसं, असं कोणीतरी विचारलं. तिकडचे बामण असंच घालत असतील, असं पाटलांनीच सांगून टाकलं. त्या महिन्यात गावात बोकड कापला गेला तेव्हा पाहुण्याने हात जोडून नको म्हटलं. मग कोणालाच शंका उरली नाही.

खरं म्हणजे तो यझदचा होता. वाळवंटाच्या कडेचं ते शहर. तिथे अग्नीपुढे प्रार्थना करणाऱ्यांना जगणं अवघड झालं होतं, म्हणून तो गलबताने निघाला आणि वादळाने या किनाऱ्याला लागला. आपल्याला गाव काय समजतंय हे त्याला उमगायला बराच काळ गेला, म्हणे. तोवर भाषा थोडी जमली होती, माणसं ओळखीची झाली होती. खरं सांगावं तर डोक्यावरचं छप्पर जाणार, आणि पुढे जायला ठिकाण नव्हतं. कोणी विचारलं नाही, त्याने सांगितलं नाही. कोणी मुहूर्त विचारायला आलं की तो नुसता हसायचा, आणि लोक ते होकार समजून निघून जायचे. मात्र कोणाची गाय अडली की तो न बोलावता गोठ्यात जाऊन बसायचा. त्याला जनावराला हाक मारताना कोणी ऐकलं नाही. तो पुढे चालू लागला की गुरं मागे येत, असं सांगतात.

मग गुरांवर बुळकांडीची साथ आली.

चांगुणेच्या गोठ्यात ती पहिल्यांदा दिसली. मोरीचे डोळे गळू लागले, तोंडात फोड आले, चारा खाईना. पाठोपाठ पाटलांचा बैल बसला. मग घराघरांतून तेच ऐकू यायला लागलं. पेरणी तोंडावर, आणि गावाचे नांगर ज्यांच्या खांद्यावर ते बैल गोठ्यात लोळत होते. पाटलीणबाईंना दिवस गेले होते, घरात फार वर्षांनी पाळणा हलायचा होता, आणि दूध आटत चाललं होतं.

देवळापुढे गाव जमलं. हिरोजी पाटील काठी टेकत उभे राहिले. त्यांची ती काठी चांदीच्या मुठीची होती. ती आपटली की गाव गप्प बसे. त्यांनी सांगितलं, आजारी गुरं एकत्र करायची, डफ वाजवत, बडवत शिवेपार घालायची. रोग त्यांच्याबरोबर जाईल.

"भटजी," ते बहमनकडे वळले, "मुहूर्त सांगा."

तो या वेळी हसला नाही.

"शिवेपलीकडे पण गुरं आहेत, पाटील," तो म्हणाला.

"त्यांची ती बघतील. तुम्ही मुहूर्त सांगा."

"मला मुहूर्त कळत नाही. मी बामण नाही."

चांगुणा बायकांच्यात मागे उभी होती. तिला विहिरीवरची ती सकाळ आठवली. त्याचं नाव गावाला तिनेच तर सांगितलं होतं.

गलका झाला. कोणी म्हणालं, या खोट्या बामणामुळेच रोग आला. कोणी दगड उचलला. चांगुणा पुढे आली. इतक्या पुरुषांत ती कधी बोलली नव्हती.

"दादा, ऐकण्यात माझी चूक झाली. त्याने नाव सांगितलं होतं, जात नाही." आणि त्याच्याकडे वळून तिने विचारलं, "नावाचा अर्थ काय तुझ्या?"

सगळे थांबले. तो शब्द शोधत सावकाश बोलला. "आमच्या जुन्या भाषेत वोहू मनो. चांगलं मन. देवाने माणूस घडवण्याआधी ते घडवलं, असं आमच्यात मानतात. गुरांची राखण त्याच्याकडे दिली आहे. त्याच्या नावाच्या महिन्यात आम्ही मांस खात नाही. मी जन्मलो तेव्हा आमच्याकडे दुष्काळ होता. लोक जनावरं सोडून देत होते. वडील म्हणाले, एका तरी घरात हे नाव हाकेला असू दे."

पाटील हसले. ते हसू चांगलं नव्हतं. "गुरांचा राखणदार! मग राख की. सगळी आजारी गुरं घे आणि जा त्या डोंगरावर. एकही माघारी आलं नाही तर तूही येऊ नकोस."

ते टोचून बोलले होते, इतकंच. पण तो मान तुकवून म्हणाला, "बरं."

त्याच दुपारी आजारी गुरं गोठ्यांतून बाहेर काढली. गडी काठ्या घेऊन आले तर त्याने हात आडवा केला. तो पुढे चालू लागला. बसलेली जनावरं धडपडत उठली आणि त्याच्यामागे गेली. मोरी सगळ्यांत शेवटी होती. चांगुणा ऐनाच्या झाडापर्यंत आली. वर माळावर यायचं नाही, असं तिला त्याने सांगितलं. तुझ्या पायांनी रोग खाली जाईल.

पुढचे दिवस चांगुणेने ऐनाखाली काढले. रोज सकाळी ती तांदळाच्या कण्यांची पेज करी, घागरी भरी आणि अर्ध्या वाटेवरच्या खडकावर नेऊन ठेवी. ती मागे फिरली की तो खाली उतरून ते वर नेई. वर पाणी नव्हतं. पेज तो स्वतः कमी खायचा, जनावरांच्या घशात जास्त घालायचा. मिठाच्या पाण्याने त्यांची तोंडं धुवायचा. कधी वारा बरोबर असला तर दोघांचं बोलणं व्हायचं, ओरडून.

"मोरी कशी आहे?"

"उभी आहे."

कधी तो म्हणायचा, "बसली आहे." मग त्या दिवशी चांगुणेला जेवण जायचं नाही.

गुरं मरत होती. गिधाडं जमली. कुत्री डोंगराकडे जाऊ लागली तेव्हा गाव घाबरलं, आणि चांगुणेने खालून ओरडून सांगितलं, "मढी पुरा! नाहीतर कुत्र्यांमागून रोग खाली येईल."



त्याच्या धर्मात मढं मातीत घालणं मोठं पाप. भूमी विटाळते. मढ्याला हात लावला तर माणूस स्वतः विटाळतो आणि शुद्ध व्हायला लांबलचक विधी लागतात, तेही त्यांच्याच पुजाऱ्याकडून. इथे तसा पुजारी कोण होता? तिला हे काही ठाऊक नव्हतं. तिला फक्त एवढं दिसलं, की तो कड्यावर आला, उन्हाकडे तोंड करून उभा राहिला, कमरेचा गोफ सोडला आणि तो पुन्हा बांधला नाही. मग खणायचा आवाज येऊ लागला.

प्रत्येक खड्ड्यावर त्याने दगड रचले. माळावरच्या राशी त्याच.

पुढे मरण थांबलं. आधी एक दिवस कोणी मेलं नाही, मग दुसरा दिवसही तसाच गेला. एका सकाळी चांगुणेने हाक मारायच्या आधीच वरून आवाज आला, "चरते आहे! तुझी मोरी चरते आहे!" ती ऐनाला धरून रडली, म्हणतात.

खाली गावातली निरोगी गुरं निरोगीच राहिली होती. शिवेपलीकडच्या गावातही रोग पोचला नव्हता. ती बातमी कळल्यावर हिरोजी पाटील घरातून निघाले आणि कोणाशी न बोलता डोंगराकडे आले. चांगुणा उठून उभी राहिली. ते पायवाटेला लागले तेवढ्यात वरून त्याने पाहिलं.

"पाटील! काठी खाली ठेवा. जनावरं आत्ता कुठे उभी राहिलीत. काठी बघून पळतील तर पडतील."

आजवर पाटलांना कोणी असं सांगितलं नव्हतं. त्यांनी हातातल्या काठीकडे पाहिलं. मग ती ऐनाच्या बुंध्याशी टेकवली. गुडघ्यांनी अधू माणूस, बहिणीचा खांदा धरून, मध्ये मध्ये थांबत वर चढला.

वर तो उभा होता. हाडं दिसत होती. त्याच्याभोवती जी गुरं वाचली होती ती चरत होती. पाटलांनी राशी पाहिल्या. 

"खाली चल," ते म्हणाले. "बामण म्हणून ठेवलं होतं तुला. आता काय म्हणून ठेवू, ते तूच सांग."

"नावाने ठेवा," तो म्हणाला.

पण पडवीत तो परतला नाही. आपण विटाळलो आहोत, देवळाच्या सावलीत राहणं बरं नाही, असं त्याने चांगुणेला सांगितलं. तिने कितीही समजावलं तरी ऐकलं नाही. माळावरच खोपट बांधून तो गावची गुरं राखू लागला.

त्या पावसाळ्यात पाटलांना मुलगा झाला. बारशाला सगळं गाव आलं. मुलाचं नाव आजोबांचं, सुभानजी, असं पाटलांनी आधीच ठरवलं होतं. आत्या म्हणून चांगुणा पाळण्याशी वाकली. बायका तिच्या पाठीत धपाटे घालायला सरसावल्या. तिने कुर्रर्र केलं आणि बाळाच्या कानात आधी एक शब्द सांगितला, मग सुभानजी. जवळच्या बायकांनी पहिला शब्द ऐकला आणि त्यांचे हात वरच राहिले.

"काय नाव ठेवलंस?" पाटलांनी विचारलं.

"सुभानजीच ठेवलं, दादा. पण आधी बहमन म्हटलं. आधी चांगलं मन पडू दे कानात, मग आजोबा पडू देत."

 परक्या धर्माचं नाव, तेही पाटलांच्या पहिल्या मुलाच्या कानात. चांगुणेने भावाकडे पाहिलं. आता घरातून जायला सांगितलं तर मोरीला घेऊन कुठे जायचं, हेही तिच्या मनात येऊन गेलं असेल.

हिरोजी पाटील म्हणाले, "मला ऐकू आलं नाही. पुन्हा म्हण. मोठ्याने."

तिने पुन्हा म्हटलं. आवाज अंगणाबाहेर गेला.

बहमन पुढे बरीच वर्षं माळावर राहिला. त्याने लग्न केलं नाही, त्याला मूलबाळ नाही. त्याचा शेवट कसा झाला, हे आबा ठामपणे सांगत नाहीत. कोणी म्हणतात, किनाऱ्याकडे त्याच्या धर्माची माणसं राहतात असं कळल्यावर तो तिकडे गेला, तिथल्या पुजाऱ्यांनी त्याला शुद्ध करून घेतलं आणि त्याने तिथे देह ठेवला. कोणी म्हणतात, तो कुठेही गेला नाही. माळावर त्याची म्हणून कोणी रास दाखवत नाही.

आजही कुरणोलीत मुलगा जन्मला, मग तो कुणब्याचा असो की वारल्याचा, की त्याच्या कानात पहिलं बहमन म्हणतात आणि मागून त्याचं स्वतःचं नाव. कागदोपत्री ते कुठे लागत नाही, हाकही त्या नावाने कोणी मारत नाही. पण पोरगा मोठा झाला आणि कधी रागाच्या भरात बैलावर, बायकोवर किंवा दुबळ्या माणसावर त्याने हात उगारला, तर घरातली म्हातारी बाई जागेवरून उठतही नाही. तिथूनच ती विचारते, "तुझ्या कानात पहिलं काय सांगितलं होतं रे?"

आणि म्हणे, हात खाली येतो.