मी उतरतच होतो

एका गावात रंगनाथ नावाचा माणूस राहायचा. सिनेमासाठी हसवणाऱ्या गोष्टी लिहायच्या, हाच त्याचा धंदा. पहिले सिनेमे धो धो चालले. तेव्हा रंगनाथला वाटू लागलं, हसू म्हणजे आपल्या दारची गाय, हाक मारली की येणारच. आणि मग बघा, लागोपाठ दोन सिनेमे पडले. सिनेमा कंपनीचे मालक म्हणाले, "रंगनाथराव, पुढचाही पडला तर आम्ही दुसरा लेखक बघू."

जत्रेत तंबू लागला होता, त्यात त्याचाच पडलेला सिनेमा. लोक का हसत नाहीत ते बघावं म्हणून रंगनाथ मफलर गुंडाळून गर्दीत बसला. शेजारी बांगड्या विकणारी हौसाबाई आणि तिचा म्हातारा.

पडद्यावर नवरदेव घोड्यावरून धपकन पडला. ही रंगनाथची लाडकी जागा. तंबू गप्प. हौसाबाई तेवढी खुदकन हसली.

"आवडलं ना मावशी?" रंगनाथने हरखून विचारलं.

"ह्याला कोण हसतंय! मला आमचं लग्न आठवलं. हे असेच पडले होते, भर वेशीत. धुळीनं माखलेले उठले अन् वऱ्हाडाला म्हणतात, 'मी उतरतच होतो!'"

"मग? उतरतच होतो," म्हातारा गुरगुरला. "घोडंच जरा घाईत होतं."

आजूबाजूची माणसं पडदा सोडून खो खो हसू लागली.

रंगनाथ ओशाळला. हळूच म्हणाला, "मावशी, हा सिनेमा मीच लिहिलाय."

"अगं बाई! मग नवरदेव नुसताच का हो पाडलात?"

रंगनाथचे कान तापले. "तसलं काहीतरी मी पुढं घालणारच होतो."

म्हाताऱ्याने त्याच्या मांडीवर थाप मारली. "घ्या! हेही उतरतच होते!"

रंगनाथने जीभ चावली. उठून जावं असं क्षणभर वाटलं त्याला. पण पोटातून असं हसू उसळलं की मफलर सुटून खाली पडला. "नाही बाबा," तो डोळे पुसत म्हणाला, "पडलो. चांगला तोंडावर पडलो."

पुढचा सिनेमा त्याने लिहिला आणि मालकांच्या आधी त्या दोघांना वाचून दाखवला. हसू येईना तिथे पुन्हा लिहिला. पुढच्या जत्रेत पडद्यावरचा नवरदेव घोड्यावरून पडला, धूळ झटकत म्हणाला, 'मी उतरतच होतो!' आणि तंबू हसून हसून हलला. म्हातारा तर बाहेर पडताना ज्याला त्याला सांगत होता, "तो घोड्यावरचा मीच. पण पडलो नव्हतो, बरं का!"

तात्पर्य: आपण पडलो हे जो हसत कबूल करतो, त्याला पुन्हा उठायला वेळ लागत नाही.