हत्तीने परतवलेला घास

फार मागे, शंखपूर नगरीवर महाबळ राजाची सत्ता असताना, बोधिसत्त्व हत्तीच्या जन्माला आले होते. राजा तलावाला बांध घालत होता आणि हा हत्ती बांधाचे धोंडे ओढत असे.

सोणा नावाची बाई तिथे मातीच्या पाट्या वाही. अंगावर पिणारे मूल होते, नवरा नव्हता. मजुरी मापभर तांदूळ, तीही रोजच्या रोज, असे ठरले होते. पण मुकादम कुंभक म्हणे, "उद्या बघू." त्या उद्याला आणखी एक उद्या लागे. सकाळी मजूर वेशीपाशी उभे राहत आणि कुंभक काठीने माणसे निवडी. ज्याने आदल्या दिवशी मजुरी मागितली, त्याच्याकडे काठी वळत नसे.

"आज मी मागते," सोणा म्हणाली.

"माग की," शेजारची चांपा म्हणाली. "मग उद्या वेशीवर माशा मारत बस."

सोणाने त्या दिवशीही मजुरी मागितली नाही. संध्याकाळी हत्तीसाठी भाताचे गोळे वळायचे कामही तिच्याकडेच होते. पोट रिकामे आणि हात गरम भातात. बोटांना चिकटलेली शितेसुद्धा ती हत्तीच्या टोपल्यात टाकी. तिला चोर म्हणवून घ्यायचे नव्हते.

एके दिवशी तिचे दूध आटले. मूल रडून रडून थकले. हत्तीने ते पाहिले. तिने पुढे केलेला गोळा त्याने सोंडेने उचलला आणि तिच्याच पदरात ठेवला.

"चोरटे, राजाच्या हत्तीच्या तोंडचं खातेस?" कुंभक गरजला आणि त्याने गोळा हिसकावून घेतला.

हत्तीने मग खाणेच सोडले. दुसऱ्या दिवशी धोंडाही ओढला नाही. वैद्याने जीभ पाहिली, काढा दिला. हत्तीने काढा सांडला. शेवटी राजा स्वतः आला.

"काय हवं तुला? ऊस देऊ? सोन्याची झूल चढवू?"

"झूल नको, महाराज," बोधिसत्त्व म्हणाले. "मी तुमचा चाकर, ही बाईही तुमचीच. माझा भात दिवस मावळताच येतो. पावसाळ्यात काम नसतं, तरी तुम्ही मला हाकलत नाही, बसून खाऊ घालता. हत्ती मेला तर नुकसान, हे तुम्हाला कळतं. हिचं पोट मात्र उद्यावर ढकललं जातं. हिला आणि हिच्या सोबत्यांना मिळेल, तेव्हा मी जेवेन."

राजाने चौकशी केली. ऐकता ऐकता त्याची मान खाली गेली.

"कुंभका, काठी टाक, माप घे," तो म्हणाला. "मागचं सगळं आत्ता दे. यापुढे दिवस मावळायच्या आत मजुरी. आज कामावर आहे तो माणूस कामावरच राहील. बांध झाला की कालवे राखायचं काम याच माणसांचं. आणि सगळ्यांना दिल्यावाचून तू जेवायचं नाही."

सोणाने बांधाखालीच चूल पेटवली. पहिला घास तिने हत्तीपुढे धरला. "बाबा, आधी तू."

"आधी लेकराची आई," हत्ती म्हणाला.

"खा गं बाई," चांपा म्हणाली, "नाहीतर हत्तीच तुला भरवायला बसेल."

सोणाने हत्तीच्या पायावर कपाळ टेकले. मग ती जेवली आणि तिच्यामागून हत्ती जेवला.

भिक्षूंना ही कथा सांगून तथागत म्हणाले, "तेव्हाचा राजा म्हणजे आजचा आनंद. सोणा म्हणजे विहाराला रोज पाणी आणून देणारी ही उपासिका. कुंभक आज तुमच्यातच आहे. सर्वांच्या पात्रांत वाढून जो शेवटी जेवतो, तो हा भिक्षू. आणि हत्ती मीच होतो. राबणारा उपाशी असताना आपला घास गोड न लागणे, याचेच नाव करुणा."