सांगोल्याचा दाता

"कोण म्हणालं?" मुजावर सरांनी विचारलं.

"सर्व्हर म्हणाला, सर. हे बघा. नाव आहे, गाव आहे, रक्तगट आहे."

"कोणता सर्व्हर?"

शार्दूलने मान वर केली. असल्या वेळी असला प्रश्न…

"आपलाच," तो म्हणाला. "दुसऱ्याचा कशाला असेल?"

मिरजेतल्या एका इस्पितळामागे, औषधांच्या गोदामाला लागून माडीवर ही खोली होती. दुर्मीळ रक्तगटाच्या दात्यांची नोंद इथून ठेवली जाई. तंत्रनिकेतनातून निवृत्त झाल्यावर मुजावर सरांनी हे काम अंगावर घेतलं होतं, आणि शार्दूल कुंभोजकर त्यांच्या हाताखाली शिकत होता. पोरगा हुशार होता. आपण हुशार आहोत हे त्याला जरा जास्तच ठाऊक होतं, एवढीच काय ती खोट.

समोर इस्पितळात शेवंता नावाची बाई होती. जतकडची. बाळ सुखरूप झालं होतं, पण तिचं रक्त थांबत नव्हतं. आणि तिचा गट निघाला बॉम्बे. हजारोंत एखाद्याचा असतो तो. त्या माणसाला दुसऱ्या कुठल्याच गटाचं रक्त चालत नाही, ओ गटाचंसुद्धा नाही.

डॉक्टर शेटेबाईंनी फोनवर सांगितलं होतं, "संध्याकाळपर्यंत मी तिला धरून ठेवते. पुढचं मला विचारू नका."

खोलीच्या दारात शेवंताचा नवरा उभा होता. बिराप्पा. गावातून कुणाची तरी जीप मागून आणली होती, तिची किल्ली मुठीत होती. कुठं जायचं तेवढं त्याला हवं होतं.

नेमकं त्याच दिवशी नोंदीचं जुनं यंत्र बंद करून सगळं नव्या यंत्रावर हलवायचं काम चाललं होतं. त्यामुळे वेबसाइट सकाळपासून बंद. शार्दूलने म्हणून आडवाट धरली. प्रोग्राम कुठं अडतोय ते आत डोकावून बघायचं जे डीबगर असतं, त्यातून सर्व्हरला थेट जोडता येतं. त्यात त्याने पत्ता घातला, युजरनेम घातलं, पासवर्ड घातला. हिरवा दिवा लागला. बॉम्बे गट शोधला, अकारविल्हे यादीत सगळ्यात वर नाव आलं.

भालचंद्र ढोबळे, सांगोला.

शार्दूलने बिराप्पाला तिथूनच ओरडून सांगितलं होतं, "मिळाला." पत्ता चिठ्ठीवर उतरवलाही होता.

आणि सरांनी त्या चिठ्ठीवर हात ठेवला होता.

"फोन लावलास त्यांना?"

"लावला. बंद लागतोय. रेंज नसेल. पण पत्ता आहे ना, सर. जीप आहे. उचलून आणता येईल."

"सांगोला. जाऊन येऊन संध्याकाळ होते."

"म्हणूनच म्हणतो, आत्ता निघू दे त्याला."

सरांनी हात काढला नाही.

"सर्व्हरने तुला ओळखलं?"

"ओळखलं म्हणून तर आत घेतलं."

"तू त्याला ओळखलंस?"

सरांनीच पुढं विचारलं, "आत घेण्याआधी त्या डीबगरने काही विचारलं का तुला?"

"ते नेहमीचंच असतं, सर. एक चौकट येते. 'हो' म्हणायचं आणि पुढं जायचं."

"काय लिहिलं होतं चौकटीत?"

शार्दूलने आठवून पाहिलं. 'हो'चं बटण कुठल्या कोपऱ्यात होतं ते आठवत होतं. वर काय लिहिलं होतं ते काही केल्या आठवेना, कारण ते त्याने वाचलंच नव्हतं. आजच नव्हे, कधीच.

त्याला राग आला. सरांचा आला, चौकटीचा आला, आणि थोडा स्वतःचाही आला असावा, पण तो त्याने सरांच्याच खात्यावर टाकला.

"पासवर्ड चालला ना, सर. दुसराच कुठला सर्व्हर असता तर माझा पासवर्ड त्याने कसा मान्य केला असता?"

"सायेब," बिराप्पा दारातून म्हणाला, "मिळालाय म्हणला न्हवं? मग निघू का मी?"

"एक मिनिट," शार्दूल म्हणाला.

"मघाधरनं एक मिनिटच चाललंय."

त्याचा आवाज चढला नव्हता. चढला असता तर बरं झालं असतं, असं शार्दूलला वाटून गेलं.

तो सरांकडे वळला. "तिकडे बाई मरतीये, सर. आणि तुम्ही माझी तोंडी परीक्षा घेताय."

बोलून गेल्यावर त्याचं लक्ष सरांच्या हाताकडे गेलं.

तो चिठ्ठीवरून हलला नव्हता.

"एक नाव शोध," सर म्हणाले.

"कोणाचं?"

"तुझं."

"माझं?" शार्दूलला हसू आलं, पण ते चांगलं हसू नव्हतं. "माझा गट ए पॉझिटिव्ह आहे. मी या यादीत कशाला असेन?"

"शोध."

त्याने कीबोर्ड आपटतच नाव टाइप केलं. एंटर दाबलं.

शार्दूल कुंभोजकर, मिरज. रक्तगट: बॉम्बे.

…

त्याने ती ओळ पुन्हा वाचली.

मग त्याला एकेक आठवू लागलं. गेल्या वर्षी सरांनी त्याला सरावासाठी एक वेगळं यंत्र उभं करायला सांगितलं होतं. खऱ्या नोंदीवर हात चालवायचा नाही, शिकायचं ते इथं शिकायचं. त्या यंत्रात भरायला खोटी माणसं हवी होती. एका कंटाळवाण्या दुपारी शार्दूलने ती रचली होती. सुचतील ती नावं, सुचतील ती गावं. टेबलावर कुणीतरी आणलेली सांगोल्याची डाळिंबं होती, एक सोलत सोलत त्याने एका माणसाला सांगोल्याला राहायला पाठवलं होतं. पासवर्ड मात्र त्याने खऱ्या यंत्राचाच ठेवला होता. दोन दोन कोण लक्षात ठेवणार?

भालचंद्र ढोबळे त्यानेच जन्माला घातला होता. आणि आत्ता त्याच्याच भरवशावर एका बाईला सोडून तो मोकळा होणार होता.

असली भीती त्याला याआधी कधी वाटली नव्हती.

सरांनी चिठ्ठीवरचा हात उचलला. ती फाडली नाही, शार्दूलकडे सरकवलीही नाही. तिथंच राहू दिली.

शार्दूल उठून दारापाशी गेला. हे सांगायचं काम आपलंच आहे, एवढं त्याला कळलं होतं.

"बिराप्पा, तो सांगोल्याचा माणूस… नाही."

"नाही म्हंजे? वारला?"

"नव्हताच. माझी चूक झाली. मला थोडा वेळ द्या. खरा शोधतो."

बिराप्पा त्याच्या तोंडाकडे बघत राहिला. मारतो की काय, असं शार्दूलला वाटलं. मारलं असतं तर त्याने खाल्लंही असतं.

"शोधा," बिराप्पा म्हणाला, आणि दाराच्या चौकटीला टेकून उभा राहिला.

यंत्रं जिथं ठेवली होती तिथल्या माणसाला शार्दूलने फोन लावला. तो सहज म्हणाला, "अहो, जुनं यंत्र सकाळीच बंद केलं की. त्याचा पत्ता तात्पुरता तुमच्या सरावाच्या यंत्राला दिलाय. मेल टाकली होती तुम्हाला."

मेल आली होती. शार्दूलने उघडली नव्हती.

"नव्या यंत्राचा पत्ता द्या. आणि फोन ठेवू नका."

नवा पत्ता घातला. चौकट आली. या वेळी त्याने ती वाचली, मोठ्यांदा, पहिलीतल्या पोरासारखी एकेक शब्द सुटा करून.

"हा सर्व्हर माझ्या ओळखीचा नाही. त्याचा ठसा खाली दिला आहे. याच्यावर विश्वास ठेवायचा का?"

खाली अक्षरांची आणि आकड्यांची लांबलचक ओळ होती, प्रत्येक सर्व्हरची वेगळी.

"तुमच्याकडचा ठसा वाचून दाखवा," शार्दूल फोनवर म्हणाला.

"सगळा?"

"सगळा."

पलीकडचा माणूस वाचू लागला. शार्दूल पडद्यावर बोट ठेवून एकेक अक्षर पुढं सरकत होता. मध्ये एकदा आवाज तुटला, तेव्हा त्याने पुन्हा पहिल्यापासून वाचायला लावलं. दारात बिराप्पाची किल्ली मुठीत वाजत होती. पळत सुटावं असं वाटत असताना पाय मोजून टाकायचे, याच्याइतकं जड काम त्याने आजवर केलं नव्हतं.

शेवटचं अक्षर जुळलं.

त्याने सरांकडे पाहिलं. सर खिडकीतून गोदामाच्या पत्र्याकडे बघत होते.

शार्दूलने 'हो' दाबलं. युजरनेम. पासवर्ड. हिरवा दिवा. अगदी मघाचाच, तसाच हिरवा.

त्याने आधी स्वतःचं नाव शोधलं.

नोंद सापडली नाही.

आपण कुठं नाही याचं एवढं समाधान त्याला कधी झालं नव्हतं.

मग बॉम्बे गट. मोजकीच नावं आली. सगळ्यात जवळचं इचलकरंजीचं होतं, सुलोचना मगदूम. फोन लावला. उचलला गेला, पण पलीकडे नुसता खडखडाट.

"जरा थांबा," बाई ओरडल्या, "माग बंद करते."

खडखडाट थांबला. शार्दूलने सगळं सांगितलं.

"बाळ कसं हाय?" त्यांनी विचारलं.

"बाळ चांगलं आहे."

"मग आईबी ऱ्हाऊ दे की त्याची. गाडी धाडता, का यष्टीनं येऊ?"

बिराप्पाने पत्ता ऐकला आणि तो जिना उतरलासुद्धा. जीप सुरू झाल्याचा आवाज आला, मग तोही लांब गेला.

खोलीत दोघंच उरले. शार्दूल कामात डोकं घालून बसला. सरावाच्या यंत्राचा पासवर्ड त्याने बदलला. मग खऱ्याचाही बदलला, कारण तो नको त्या दारात बोलून झाला होता. डीबगरमध्ये साठवलेल्या जोडण्या एकेक करून पुसल्या.

ऊन खिडकीतून उतरत गेलं. मगदूमबाई आल्याचा निरोप आला. रक्त काढलं, तपासायला गेलं. त्यानंतर बराच वेळ काहीच नाही…

दिवे लागायच्या सुमाराला फोन वाजला. सरांनी उचलला. नुसतं "हं" म्हणाले, पुन्हा "हं" म्हणाले, आणि फोन खाली ठेवला.

"बाटली लागली," ते म्हणाले. "रक्तदाब वर येतोय. शेवंताने बाळ मागितलं म्हणे."

शार्दूलने दोन्ही हातांनी तोंड झाकलं. तो रडला, आणि ते त्याने लपवलं नाही.

जरा वेळाने त्याने नाक पुसलं.

"सर… ते सरावाचं यंत्र आहे हे तुम्हाला आधीच माहीत होतं?"

"नाही."

"खरं यंत्र असतं तर?"

"तर तुझं नाव निघालं नसतं. बिराप्पा सांगोल्याला गेला असता."

"पण नाव माझंच का शोधायला सांगितलंत? मी ते यंत्र भरलं तेव्हा तुम्ही गावातसुद्धा नव्हता. आत कोणाकोणाची नावं आहेत ते तुम्ही कधी पाहिलंही नाही."

सर उठले. चष्मा काढून त्यांनी खिशात ठेवला.

"खोटी माणसं लिहायला बसलं की जो तो पहिलं नाव आपलंच घालतो."